आवाजावरून ओळखलेला माणूस

मागच्या महिन्यातल्या एका शनिवारी आमच्या शाळेत पाचवी विरुद्ध सहावी असा क्रिकेटचा सामना झाला. आमचं मैदान म्हणजे शाळेमागचं पटांगण. एका अंगाला पाण्याची टाकी, दुसर्‍या अंगाला शेजारच्या वाड्याची भिंत. चेंडू टाकीला लागला की चार धावा, भिंतीपलीकडे गेला की आउट. पंच अर्थातच मी.

पाचवीतल्या एका मुलाचा हात मोडला होता. प्लास्टर घालून, हात झोळीत अडकवून बिचारा झाडाखाली बसला होता. त्याला म्हटलं, "तू कॉमेंट्री कर." परिपाठाचा माइक त्याच्या हातात दिला. गडी असा काही रंगला, की खिचडी शिजवणार्‍या मावशीसुद्धा पदराला हात पुसत बाहेर येऊन उभ्या राहिल्या.

आणि मग तो प्रसंग घडला. सहावीचा एक फलंदाज चोरटी धाव घ्यायला पळाला. तेवढ्यात पहिलीची दोन पिल्लं मैदानात घुसली, माझं लक्ष तिकडे गेलं. मागे वळून पाहतो तर दांड्या उडालेल्या आणि पाचवीची पोरं "आउट! आउट!" म्हणून नाचताहेत. मी बोट वर केलं. लगेच माइकवरून खणखणीत आवाज आला, "सरांनी आउट दिलं आहे. पण बॅट रेषेच्या आत आली होती. मी समोरच बसलोय, मला स्पष्ट दिसलं. आउट नव्हता."

माझे कान लाल झाले. त्याहून जास्त चिडली ती पाचवीची मुलं. "तू आपल्या वर्गाचा आहेस का त्यांच्या?" असं एकाने तिथल्या तिथे त्याला विचारलं. त्यावर तो काही बोलला नाही. पुढच्या चेंडूची कॉमेंट्री सुरू केली.

मी काय केलं? थांबा, ते नंतर सांगतो. त्या रात्री मला एका समालोचकाची फार आठवण झाली. आज त्यांचीच गोष्ट सांगणार आहे.

त्यांचं नाव जॉन आर्लट. इंग्लंडचे. तुमच्यापैकी बहुतेकांनी हे नाव ऐकलं नसेल, कारण तुम्ही क्रिकेट 'बघता'. आमच्या लहानपणी सामन्याच्या दिवशी नेमकी वीज जायची आणि मग आजोबांचा सेलवर चालणारा रेडिओ कामाला यायचा. आजोबा सांगायचे, बाळ ज. पंडित मराठीतून कॉमेंट्री करायचे तेव्हा डोळे मिटले की मैदान दिसायचं. टीव्हीवरचा समालोचक गप्प बसला तरी चालतं, चित्र समोर असतंच. रेडिओवाल्याचं तसं नाही. चेंडू, बॅट, ढग, पंचांच्या अंगावर चढवलेले स्वेटर, सगळं त्याने शब्दांनी उभं करायचं. तो जे सांगेल तेच खरं धरून आपण चालायचं. म्हणजे किती विश्वास ठेवतो आपण एका न पाहिलेल्या माणसावर!

आर्लटांचा जन्म २५ फेब्रुवारी १९१४ चा, बेसिंगस्टोक नावाच्या गावातला. घर कुठलं, तर गावच्या दफनभूमीच्या आवारातलं! त्यांचे आजोबा तिथली देखभाल करायचे. शाळेत मुख्याध्यापकांशी त्यांचं काही जमलं नाही आणि शाळा लवकरच सुटली. (हे वाचून तुम्ही दप्तर भिरकावू नका. आर्लटांनी शाळा सोडली, पुस्तकं सोडली नाहीत.) मग एका मनोरुग्णालयात कारकुनी केली. १९३४ मध्ये साउदॅम्प्टन शहराच्या पोलीस दलात ते शिपाई म्हणून दाखल झाले आणि पुढची अकरा वर्षं पोलीसच होते. गस्त घालायची आणि घरी येऊन कविता लिहायच्या! दुसर्‍या महायुद्धाच्या काळात त्यांच्या कविता छापून आल्या, रेडिओवर वाचल्या गेल्या. पोलिसातला कवी म्हणून लोकांना कौतुक वाटलं. युद्ध संपलं आणि १९४५ मध्ये बी.बी.सी.ने त्यांना साहित्याचे कार्यक्रम करायला बोलावून घेतलं.

आता गंमत बघा. ते ज्या विभागात कामाला लागले, तो विभाग भारतासाठी कार्यक्रम करायचा. १९४६ च्या उन्हाळ्यात भारताचा संघ इंग्लंडच्या दौर्‍यावर गेला. थोरले नवाब पतौडी कप्तान. विजय मर्चंट, विजय हजारे, विनू मंकड, लाला अमरनाथ, यष्टिरक्षक दत्ताराम हिंडलेकर, आपला रंगा सोहोनी असे एकाहून एक खेळाडू. इकडच्या श्रोत्यांना त्या सामन्यांची खबर द्यायची होती. तुम्हांला क्रिकेटची आवड आहे ना, मग तुम्हीच करा, असं आर्लटांना सांगण्यात आलं. म्हणजे ज्या आवाजाला पुढे सगळं इंग्लंड ओळखू लागलं, तो क्रिकेटच्या मैदानावरून पहिल्यांदा बोलला तो आपल्या लोकांसाठी.

त्या दौर्‍यात मर्चंटांनी २३८५ धावा काढल्या. सरे संघाविरुद्ध तर चंदू सरवटे आणि शुटे बॅनर्जी ही आमची शेवटची जोडी. दहावा आणि अकरावा फलंदाज! दोघांनीही शतकं ठोकली आणि २४९ धावांची भागी केली. असा दौरा पहिल्याच वर्षी वाट्याला यायला नशीब लागतं. आर्लटांनी त्यावर पुस्तक लिहिलं, 'इंडियन समर'. १९४७ मध्ये निघालेलं हे त्यांचं क्रिकेटवरचं पहिलं पुस्तक. पुढे त्यांनी क्रिकेटवर ढीगभर लिहिलं, 'गार्डियन' या दैनिकाचे ते क्रिकेट प्रतिनिधी झाले, फ्रेड ट्रूमन या तेज गोलंदाजाचं त्यांनी लिहिलेलं चरित्र अजून लोक आवडीने वाचतात. द्राक्षांच्या मद्यावरही ते लिहीत, पण तो भाग तुम्ही मोठे झाल्यावर.

एक गोष्ट मात्र मला फार महत्त्वाची वाटते. त्या काळी बी.बी.सी.वर बोलणारे बहुतेक जण मोठ्या घरांतले, मोठ्या शाळांत शिकलेले. त्यांची इंग्रजी एका ठरावीक घोटीव धाटणीची. आर्लट बोलायचे ते आपल्या हॅम्पशायर परगण्याच्या वळणाने, सावकाश आणि जाड आवाजात. आपल्याकडे म्हणतात ना, 'गावठी', तसं. तुझा आवाज सामान्य आहे, पण डोकं चांगलं चालतं, अशा अर्थाचं एका साहेबाने त्यांना तोंडावर ऐकवलं होतं. आर्लटांनी आवाज बदलला नाही. आमच्या वर्गातली काही मुलं बाहेरच्या पाहुण्यांपुढे बोलायची वेळ आली की गप्प होतात, 'आमची भाषा चुकते' म्हणतात. त्यांना मी हा किस्सा हमखास सांगतो.

त्यांचं समालोचन कसं असे? एकच नमुना सांगतो. १४ ऑगस्ट १९४८. लंडनचं ओव्हल मैदान. डॉन ब्रॅडमन कसोटीतली आपली शेवटची खेळी खेळायला उतरत होते. माइक आर्लटांच्या हाती होता. मैदानात आलेल्या ब्रॅडमनना प्रेक्षकांनी टाळ्यांनी न्हाऊ घातलं, इंग्लंडच्या खेळाडूंनी टोप्या काढून तीनदा जयघोष केला. सरासरी शंभर राखायला फक्त चार धावा हव्या होत्या. दुसर्‍याच चेंडूवर हॉलीजने त्रिफळा उडवला. शून्य! दुसरा कुणी असता तर ओरडला असता. आर्लटांनी घडलं ते सांगितलं, क्षणभर थांबले आणि मग स्वतःशीच विचार करावा तसं म्हणाले, की अशा वेळी, इतक्या वर्षांच्या आठवणी दाटून आलेल्या असताना, माणसाला चेंडू तरी नीट दिसत असेल का? आउट झालेल्या माणसाच्या जागी जाऊन विचार करणारा हा समालोचक.

त्याच वर्षीच्या हिवाळ्यात इंग्लंडचा संघ दक्षिण आफ्रिकेला गेला आणि कॉमेंट्री करायला आर्लटही गेले.

दक्षिण आफ्रिका म्हटलं की तुम्हांला गांधीजी आठवतील. १८९३ मध्ये पीटरमारित्झबर्ग स्टेशनवर त्यांना पहिल्या वर्गाच्या डब्यातून उतरवलं होतं, तो धडा तुम्ही वाचलाय. आर्लट गेले त्याच वर्षी, म्हणजे १९४८ मध्ये, तिथे असं सरकार निवडून आलं होतं, की ज्याने हा अन्याय कायद्यातच बसवायला घेतला. वर्णभेद. इंग्रजी वृत्तपत्रं 'अपार्थाइड' म्हणायची. माणसाचा वंश कागदावर नोंदवायचा आणि त्यावरून त्याने कुठे राहायचं, कुठल्या बाकावर बसायचं, कुठल्या शाळेत शिकायचं, कुणाशी लग्न करायचं हे ठरवायचं. खेळसुद्धा वेगळे. देशाच्या संघात फक्त गोरे.

इंग्लंडचे बाकीचे पाहुणे सामने बघत, मेजवान्या जेवत. आर्लट मैदानाबाहेर काळ्या लोकांच्या वस्त्यांमध्ये हिंडले. रस्त्याने चाललेल्या एका काळ्या माणसाला एका गोर्‍याने काही कारण नसताना लाथ मारलेली त्यांनी पाहिली. ते पुढे जन्मभर विसरले नाहीत. आणि तो फॉर्मचा प्रसंग! सरकारी अधिकार्‍याने एक फॉर्म पुढे केला. त्यात रकाना होता, वंश. आर्लटांनी लिहिलं, 'माणूस'. अधिकारी भडकला. आर्लटांनी ते खोडलं नाही.

या देशात पुन्हा पाऊल टाकायचं नाही, असं ठरवून ते परतले, आणि गप्प बसले नाहीत. १९५० मध्ये रेडिओवरच्या प्रश्नोत्तरांच्या एका लोकप्रिय कार्यक्रमात त्यांनी दक्षिण आफ्रिकेच्या सरकारची तुलना सरळ नाझींशी केली. नाझी म्हणजे हिटलरची माणसं. पाच वर्षांपूर्वीच संपलेलं युद्ध सगळ्यांच्या मनात ताजं होतं, त्यामुळे घाव वर्मी लागला. त्या सरकारने तक्रार केली. आर्लटांना त्या कार्यक्रमातून बरेच दिवस बाहेर बसावं लागलं.

आता गोष्ट येते एका पत्राजवळ.

केपटाउन शहरात, डोंगराच्या उतारावर, एक तरुण राहत होता. बेसिल डॉलिव्हेरा. छापखान्यात काम करायचा आणि सुट्टीच्या दिवशी क्रिकेट खेळायचा. सरकारच्या कागदांवर त्याची नोंद होती 'कलर्ड', म्हणजे ना गोरा ना काळा, मिश्र. त्यांची मैदानं म्हणजे खडकाळ माळ. खेळायचं तर आधी दगड वेचायचे, मग चटई अंथरायची. त्या माळावर बेसिल शतकांवर शतकं काढायचा, पण ती कुठल्याच अधिकृत पुस्तकात नोंदली जायची नाहीत. देशाच्या संघात जागा मिळणं शक्य नाही. गोर्‍यांच्या मैदानावर तो जायचा तो फक्त बघायला, आणि तेही त्यांच्यासाठी जाळीआड वेगळ्या काढलेल्या जागेत.

१९५८ साली या तरुणाने हिरव्या शाईने एक पत्र लिहिलं. इंग्लंडमधल्या एखाद्या क्लबात मला खेळायला मिळेल का? पत्र कुणाला लिहिलं? जॉन आर्लटना. ओळख ना पाळख. त्यांनाच का, याचं उत्तर बेसिलने पुढे दिलं आहे. त्याने त्यांना रेडिओवर ऐकलं होतं. त्या आवाजावरून आणि शब्दांवरून त्याला वाटलं, हा माणूस चांगला आहे, कनवाळू आहे.

दोस्तांनो, मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बसलो होतो. सहा हजार मैलांवरून रेडिओत चेंडूंचं आणि धावांचं वर्णन ऐकू येतंय, आणि दगड वेचून खेळणार्‍या एका मुलाला त्यात माणूस ओळखू येतो!

आर्लटांनी उत्तर पाठवलं. पण काम सोपं नव्हतं. चटईवर खेळणार्‍या आणि कुठेही नोंद नसलेल्या खेळाडूला पैसे देऊन कोण बोलावणार? ते विचारत राहिले, नकार येत राहिले. असं करता करता जवळजवळ दोन वर्षं गेली. मँचेस्टरचे पत्रकार जॉन के यांनाही त्यांनी कामाला लावलं. शेवटी मिडलटन नावाच्या क्लबाकडे येणारा वेस्ट इंडिजचा तेज गोलंदाज वेस हॉल ऐन वेळी येऊ शकला नाही, जागा रिकामी झाली, आणि बेसिलला बोलावणं गेलं. पूर्ण मोसमाचे ४५० पौंड. त्यातून तिकिटाचाच खर्च २०० पौंडांच्या आसपास. बेसिलचं नुकतंच लग्न झालेलं. मग केपटाउनमधल्या त्याच्या लोकांनी सामने भरवून, वर्गण्या काढून पैसे उभे केले.

१९६० च्या एप्रिलच्या तोंडावर तो इंग्लंडला पोचला. त्याच्या थोडेच दिवस आधी, २१ मार्चला, त्याच्या देशात शार्पव्हिल या गावी पोलिसांनी निःशस्त्र निदर्शकांवर गोळ्या झाडून ६९ माणसं मारली होती. असल्या देशातून आलेला हा मुलगा. इंग्लंडच्या स्टेशनवर तो आपल्यासाठी वेगळं दार कुठे आहे ते शोधू लागला. गोरी माणसं हॉटेलात त्याला जेवण वाढतात हे त्याला खरंच वाटेना.

आणि खेळ? पहिल्या पाच डावांत मिळून २५ धावा! ओल्या गवताच्या खेळपट्टीवर तो कधी खेळलाच नव्हता. आर्लटांना काय वाटलं असेल हो? दोन वर्षं ज्याच्यासाठी शब्द टाकला, तो असा. पण पठ्ठ्या शिकला. मोसम संपला तेव्हा त्याच्या नावावर ९३० धावा आणि ७१ बळी होते, आणि फलंदाजीच्या सरासरीत त्याच्या खाली नाव होतं गारफील्ड सोबर्सचं!

पुढचं भराभर सांगतो. तो वुस्टरशायर परगण्याकडून खेळू लागला, ब्रिटिश नागरिक झाला, आणि १९६६ मध्ये इंग्लंडकडून कसोटी खेळला. पहिलं कसोटी शतक १९६७ मध्ये लीड्सला, आणि ते आपल्याच संघाविरुद्ध. (संघात शिरकाव व्हावा म्हणून त्याने आपलं वय काही वर्षांनी कमी सांगितलं होतं. हे बरोबर का चूक, यावर आमच्या सातवीच्या वर्गात एकदा अख्खा तास वाद झाला. घंटा झाली तरी निकाल लागला नाही.)

१९६८ चा ऑगस्ट. ऑस्ट्रेलियाविरुद्ध शेवटची कसोटी, पुन्हा ओव्हल. बेसिल खरं तर संघातही नव्हता, दुसरा एक जण आजारी पडला म्हणून आला आणि त्याने १५८ धावा काढल्या. पाच दिवसांनी... नाही, पाचही दिवस कशाला, सामना संपला त्याच रात्री निवड समिती बसली आणि दुसर्‍या दिवशी दक्षिण आफ्रिकेच्या दौर्‍यासाठी इंग्लंडचा संघ जाहीर झाला. बेसिलने त्या दिवशी वुस्टरला आपल्या संघासाठी पुन्हा शतक काढलं होतं. खेळाडूंच्या खोलीत रेडिओभोवती सगळे बसले. एकेक नाव वाचलं गेलं. यादी संपली. त्याचं नाव नव्हतं. तो ढसढसा रडला.

निवड समितीने सांगितलं, निर्णय फक्त क्रिकेटचा आहे. आर्लटांनी 'गार्डियन'मध्ये लिहिलं, की मोकळ्या मनाचा कुणीही माणूस हे कारण खरं मानणार नाही. यापेक्षा दुःखद आणि घातक निवड झालेली नाही, असंही त्यांनी म्हटलं. ज्यांच्याबरोबर ते वर्षानुवर्षं उठत-बसत होते, ज्यांच्या मैदानांवर त्यांचं पोट चालत होतं, त्या लोकांविषयी लिहिलेलं होतं हे. हा खेळाडू आम्हांला चालणार नाही, असा दक्षिण आफ्रिकेचा निरोप क्रिकेटच्या बड्या मंडळींपर्यंत आधीच पोचला होता, हे नंतर उघडकीला आलं.

लोक खवळले. तेवढ्यात निवडलेला एक खेळाडू, टॉम कार्टराइट, दुखापतीमुळे गळला आणि त्याच्या जागी बेसिलला घेतलं. तिकडे पंतप्रधान फॉर्स्टर कडाडले, हा क्रिकेटचा संघ नाही, आमच्या शत्रूंनी पाठवलेला संघ आहे. आठवड्याभरात दौराच रद्द झाला. छापखान्यातल्या एका पोराच्या नावाने अख्खं सरकार हललं.

मग १९७० साल आलं. आता दक्षिण आफ्रिकेचा गोर्‍यांचा संघ इंग्लंडला यायचा होता. खेळात राजकारण आणू नका, त्यांच्याशी खेळत राहिलो तरच ते सुधारतील, असं पुष्कळ नामवंत खेळाडूंचं मत होतं. त्यातले सगळे वाईट नव्हते, काहींना मनापासून तसं वाटायचं. आर्लटांनी 'गार्डियन'मध्ये लेख लिहून जाहीर केलं, की या सामन्यांचं समालोचन मी करणार नाही. त्यांनी दिलेलं कारण मला फार आवडतं. समालोचन करायचं तर आवाजात आनंद हवा. रसिकांचा तो हक्क आहे. हे सामने बघताना मला आनंद होणार नाही, आणि खोटा आनंद मला आणता येणार नाही.

आवाजातली कनवाळू वृत्ती केपटाउनला ऐकू गेली होती ना, मग आवाजातलं खोटंही कुठे तरी ऐकू गेलंच असतं!

इंग्लंडभर निदर्शनं झाली, मैदानांभोवती काटेरी तारा लावायची वेळ आली, आणि मे महिन्यात सरकारच्या सांगण्यावरून तो दौराही रद्द झाला. त्यानंतर दक्षिण आफ्रिका कसोटी क्रिकेटमधून दोन दशकांहून अधिक काळ बाहेर राहिली.

एवढं सगळं करणारा माणूस आनंदी असेल असं तुम्हांला वाटेल. तसं नव्हतं. १९६५ च्या नववर्षाच्या सुमारास त्यांचा थोरला मुलगा मोटार अपघातात गेला. त्यानंतर आर्लट काळा टाय बांधायचे. दोनदा निवडणुकीला उभे राहिले, दोन्ही वेळा पडले. शेवटी शेवटी श्वासाचा त्रास व्हायचा. १९९० मध्ये त्यांनी आत्मचरित्र लिहिलं, 'बेसिंगस्टोक बॉय'. त्यात 'मी' नाही. स्वतःविषयीही त्यांनी 'तो' असं लिहिलं आहे, जणू दुसर्‍या कुणाचा डाव लांबून बघताहेत.

त्यांची शेवटची कसोटी १९८० ची, लॉर्ड्सवर, ऑस्ट्रेलियाविरुद्ध. २ सप्टेंबरला सगळ्यांना वाटलं होतं, चौतीस वर्षं बोलणारा हा माणूस जाताना काही तरी मोठं बोलणार. आर्लटांनी आपलं षटक पूर्ण केलं, पुढे कोण बोलणार त्यांची नावं सांगितली आणि माइकसमोरून उठले. बस्स. मैदानावर घोषणा झाली तेव्हा सगळे प्रेक्षक उभे राहिले, ऑस्ट्रेलियाचे खेळाडू त्यांच्या खोलीकडे तोंड करून टाळ्या वाजवू लागले, आणि फलंदाजी करत असलेल्या बॉयकॉटने बॅट काखेत धरून, हातमोजे काढून टाळ्या वाजवल्या. समालोचकासाठी सामना थांबलेला तुम्ही पाहिलाय कधी?

१० नोव्हेंबर १९९१ ला दक्षिण आफ्रिकेचा संघ पुन्हा आंतरराष्ट्रीय क्रिकेट खेळायला उतरला. मैदान कुठलं? आपल्या कोलकात्याचं ईडन गार्डन्स. आपण तो सामना जिंकला. त्यानंतर साधारण महिन्याभराने, १४ डिसेंबरला, ऑल्डर्नी नावाच्या छोट्या बेटावर आर्लट वारले. बेसिल डॉलिव्हेरा २०११ पर्यंत होते. आज इंग्लंड आणि दक्षिण आफ्रिका कसोटी खेळतात त्या चषकाला त्यांचं नाव आहे.

हं, तर मी काय केलं ते राहिलंच. त्या दिवशी मी फलंदाजाला परत बोलावलं नाही. "पंचांचा निर्णय अंतिम," असं मोठ्या आवाजात म्हणालो आणि खेळ पुढे चालू केला. सहावी तीन धावांनी हरली. सोमवारी परिपाठात मी सहावीच्या त्या मुलाला उभं करून सांगितलं, की तू आउट नव्हतास, माझं लक्ष नव्हतं. तो म्हणाला, "माहितीये सर, माइकवर सांगितलं होतं की."

पाचवीतल्या समालोचकाशी त्याच्या वर्गातली दोघं-तिघं अजून नीट बोलत नाहीत. त्याचं प्लास्टर परवा निघालं. या शनिवारी पुन्हा सामना आहे. "आता खेळशील ना?" म्हणून विचारलं, तर म्हणतो, नको, कॉमेंट्रीच करतो. पंच मीच आहे. पहिलीच्या पोरांना या वेळी वर्गातच बसवायला बाईंना सांगून ठेवलंय.

तुमचा,
सर